वही की फोरमन? साइटवरचं ज्ञान कुठे ठेवायचं
स्लॅबला भेग का पडली, हे साइटवर एकाला तरी ठाऊक असतं. ते पुढच्या साइटवर कसं पोचवायचं, लिहून की सांगून?

लिहिलेलं टिकतं. क्यूबची (काँक्रीटच्या चाचणी-ठोकळ्याची) ७ आणि २८ दिवसांची ताकद, पाणी-सिमेंटचं प्रमाण, ड्रॉइंगची शेवटची आवृत्ती, हे आठवणीवर सोडायचं नसतंच. बांधकामातल्या माहितीच्या व्यवस्थापनासाठी आयएसओ १९६५० हे मानक २०१८ पासून आहे. पण 'काँक्रीट नीट भरले' एवढीच नोंद कुणाच्या कामाची? बरेचदा ती फाइल बंद करायची म्हणून शेवटी घाईत खरडलेली असते.

जुना फोरमन काँक्रीट हलवून घट्ट बसवणाऱ्या व्हायब्रेटरचा आवाज ऐकूनच ओरडतो, "काढ आता, नाहीतर खडी खाली बसेल!" हे त्याच्या शेजारी उभं राहूनच कळतं. मात्र तो दुसऱ्या कामावर गेला की हा कानही गेला. शिवाय त्याच्या चुकीच्या सवयीही पोरं तितक्याच निष्ठेने उचलतात.

माझा कल? आकडे वहीत, हातोटी माणसाकडून. आणि भेग दिसली की त्याच संध्याकाळी फोरमनला बोलतं करून, फोटोसकट लिहून घ्यावं. महिन्याभराने तोही विसरतो.