स्वप्नदिवा: पहाटे उजेड का गढुळतो, आणि त्यावरचा बिनखर्चाचा उपाय

स्वप्नदिवा म्हणजे झोपेत डोक्याला लावलेल्या पट्ट्यातून मेंदूचा सिग्नल टिपून तो दिव्यात रंगीत उजेड म्हणून दाखवणारं यंत्र. त्याचा दिवा, अ‍ॅप, बॅटरी यांवर भरपूर लिहून झालंय. इथे विषय एकच: डोक्याच्या पट्ट्याला मागे लागणारी ती दोन जेल-पॅड. यंत्राचं सगळं नशीब तिथे ठरतं, आणि कंपनीने काटकसरही नेमकी तिथेच केली आहे.

लक्षण असं. रात्रीचं पहिलं स्वप्न दिव्यात झकास उतरतं. पहाटेकडे उजेड राखाडी होत जातो, बारीक थरथरतो, आणि सकाळी रेकॉर्डिंग लावलं की शेवटचे काही तास नुसता गढूळपणा. सर्व्हिस सेंटरचं निदान ठरलेलं: "एलईडी पट्टी गेली." पट्टी बदलून येते, पहिल्याच पहाटे पुन्हा तेच. दुसऱ्या खेपेला तर अख्खा दिवा ठेवून घेतला आणि 'दोष आढळला नाही' असा शेरा मारून परत दिला. आढळणार कसा? तपासणी दिवसा, टेबलावर, ताज्या पॅडने.

स्वप्नांची आरईएम झोप पहिल्यांदा येते ती झोप लागल्यावर साधारण 90 मिनिटांनी, आणि टिकते जेमतेम दहा मिनिटं. पुढचे टप्पे लांबत जातात, पहाटेचा अर्धा तास किंवा त्याहूनही जास्त चालतो. म्हणजे खरा माल पहाटे, आणि हे जेल चार-पाच तासांत वाळतं. जेल वाळलं की त्वचा आणि सेन्सर यांच्यातला विद्युतरोध वाढतो. मेंदूचा सिग्नल मुळात काही दहा मायक्रोव्होल्टचा. तो दबतो आणि घरातल्या वायरिंगची 50 हर्ट्झची गुणगुण (काही देशांत 60) वर येते. राखाडी थरथर ती हीच. अ‍ॅपमध्ये 'संपर्क' पानावर या रोधाचा आकडा दिसतो: 5 किलोओमच्या आत उत्तम, 10 पर्यंत चालतं, त्यापुढे दिवा फक्त घराची वीज दाखवतोय असं समजा.

पहिल्या महिन्यानंतर या यंत्राला दोन तारे दिले होते. आता साडेतीन. फरक कंपनीमुळे पडलेला नाही.

उपाय: पॅडवरचं जेल काढून टाका, धातूचं बटण राहू द्या. त्यावर बसेल असा जाड फेल्टचा गोल तुकडा कापा. 100 मिली कोमट पाण्यात साधारण 1 ग्रॅम मीठ विरघळवून तुकडा त्यात दहा मिनिटं ठेवा, मग पिळा. ओला हवा, टपकता नको. इथेच बहुतेकांचं बिनसतं. पाणी जास्त झालं की ते केसांतून पसरून दोन्ही पॅड जोडतं, आणि दिव्याची डावी-उजवी बाजू हुबेहूब सारखी पेटायला लागते. तसं दिसलं की पुन्हा पिळा. डोक्याला तेल असेल तर काहीच उपयोग नाही, केस धुतलेले हवेत. पट्टा लावताना केस बाजूला सारून फेल्ट थेट त्वचेला टेकवा. सकाळी बटण साध्या पाण्याने धुवून पुसा, नाहीतर मीठ त्याचा मुलामा खातं. एवढं केलं की पहाटेही आकडा बहुधा 10 च्या आत राहतो, आणि मग दिसतं की यंत्र मुळात किती चांगलं आहे: रंग एकमेकांत सरकतात, कडा धारदार राहतात.

आता जे दिसतं ते काय, हेही पाहा. आडवे पांढरे फटकारे म्हणजे स्वप्नातल्या विजा नव्हेत, ते डोळ्यांचं फिरणं आहे. डोळ्याची पुढची बाजू मागच्या पडद्याच्या तुलनेत धनभारित असते, त्यामुळे डोळा हलला की मेंदूच्या सिग्नलच्या कितीतरी पट मोठा झटका येतो. हे झटके गाळणारी 'नेत्रगाळणी' 60-70 वर ठेवा. त्यापुढे स्वप्नाचा रंगही गाळला जातो. आणि तो संथ, स्थिर हिरवा उजेड, ज्याचे व्हिडिओ लोक कौतुकाने दाखवतात, तो 8 ते 13 हर्ट्झचा अल्फा, म्हणजे मेंदूची एक लहर. डोळे मिटून जागं पडलेल्या माणसाचा. चित्रं तर यात दिसायचीच नाहीत: 2013 मध्ये क्योतोच्या संशोधकांनी झोपेतल्या प्रतिमा ओळखल्या त्या एमआरआय यंत्रात माणूस झोपवून, दोन पॅडवर नव्हे.

थेट प्रक्षेपण चालू ठेवून झोपायचं असेल तर निळा रंग बंद करा. 480 नॅनोमीटरच्या आसपासचा हा निळा उजेड मेलाटोनिन, म्हणजे झोपेचं संप्रेरक, सगळ्यात जास्त दाबतो. मूळ सेटिंगमध्ये तो चालू का, हे कंपनीलाच ठाऊक.

उरलेला दीड तारा कापलाय तो पॅडमधल्या चिपसाठी. ती 30 वापर मोजते आणि मग पट्टा सुरूच होऊ देत नाही, बटण ठणठणीत असलं तरी. "स्वच्छतेसाठी," असं उत्तर मिळतं. धुतलेल्या बटणात आणि रोज बदलता येणाऱ्या फेल्टमध्ये अस्वच्छ काय, याला उत्तर नाही. त्यात ही चिप रात्री मोजत नाही, 'सुरू' किती वेळा दाबलं ते मोजते. मध्यरात्री उठलात तर 'थांबवा' दाबू नका, 'विराम' दाबा. नाहीतर एका रात्रीत दोन वापर जातात.