मागच्या चाकाला तेल फासून ₹१५,८०० ची टोपी

आधी आकडा सांगते. ₹१५,८०० हायवेवरच्या त्या गॅरेजवाल्याने घेतले, आणि त्याने केलेला घोळ निस्तरायला आमच्या नेहमीच्या मेकॅनिककडे आणखी ₹४,३६० गेले. एकूण ₹२०,१६०, आणि ते पण गाडीला म्हणण्यासारखं काही झालेलं नसताना. हा प्रकार काय असतो ते तुम्हाला माहीत असेलच, बाइकवरून कोणीतरी शेजारी येतं, चाकाकडे बोट दाखवतं, थांबलात की गुपचूप तेल फासतं आणि "गळतंय" म्हणून ओळखीच्या गॅरेजला नेतं, पुढचं सगळं ठरलेलं. मलाही माहीत होतं. असले मेसेज मीच चार ग्रुपवर फॉरवर्ड केलेत, त्यामुळे "एवढं कसं कळलं नाही" हे प्लीज कोणी विचारू नका, घरात विचारून झालंय, माहेरी विचारून झालंय, ऑफिसमध्ये तर लंच टाइमला रोज विचारतात.

दिवाळीनंतर पाटणहून पुण्याला येत होते. गाडी २०१३ ची स्विफ्ट, चालवणारी मी, मागे आई. आईचं कमरेचं दुखणं जुनं, त्यामुळे खड्डा आला की मागून "अगं हळू" चालूच. डिकीत इंद्रायणीची दोन पोती, गुळाच्या ढेपा, वर मामींनी कोंबलेले नारळ. आणि हो, गेला महिनाभर स्पीडब्रेकरवरून गेलं की मागून खडखड यायची, ती सर्व्हिसिंगला दाखवू म्हणत राहून गेलेली. हे एवढ्यासाठी सांगतेय की ज्याच्या गाडीला खरंच आवाज येतोय त्याला कोणी "मागचं काम गेलंय" म्हटलं तर तो काय करेल? घरी बसून शहाणपण सांगणं सोपं आहे.

खंबाटकीचा बोगदा आणि पुढचं ते वळण सांभाळून खाली आले, शिरवळच्या अलीकडे दोन पोरं बाइकवरून शेजारी. हातवारे, मागचं चाक, मागचं चाक. मी लक्ष दिलं नाही. ती पुढे गेली, स्लो झाली, परत शेजारी आली. आई म्हणाली थांबव, काहीतरी असेल. थांबले.

एक पोरगा मला पुढच्या डाव्या चाकापाशी घेऊन गेला, "ताई आधी हे बघा, इकडून आवाज येतोय का ते बघू". दुसरा मागच्या चाकाशी उकिडवा बसला, हातात बनियनचा कळकट कपडा. अर्ध्या मिनिटात त्याची हाक, "दादा, तेल गळतंय रे!" मी जाऊन बघते तर मागचा डावा शॉकअप, म्हणजे शॉक अॅब्सॉर्बर, ओलाचिंब, स्प्रिंगवर तेल, टायरच्या आतल्या बाजूला पण तेल. "हे बघा ताई, गाडी मागून किती बसलीये, शॉकअप फुटलाय, घाट उतरलात नशीब समजा, आजी मागे बसल्यात." आजी म्हटल्यावर आईचा चेहरा पांढरा पडला आणि तिथेच माझा निकाल लागला.

आता ज्याने माझी झोप उडवलीये ते सांगते. नवऱ्याला पाठवायला मी त्या शॉकअपचा फोटो काढला होता. तो फोटो मी नंतर किती वेळा झूम करून बघितलाय काय सांगू. शॉकअपचं तेल गळतं ते वरून, जिथे तो चकचकीत दांडा नळीत शिरतो तिथल्या सीलमधून, आणि तिथून ओघळत खाली येतं. फोटोत ते सील कोरडं आहे. ठणठणीत कोरडं, त्यावर घाटातली लाल धूळ जशीच्या तशी, आणि चार बोटं खाली अचानक तेल सुरू होतं. तेल पण कसं, पातळ, स्वच्छ, सोनेरी, अजून थेंब ओघळतोय. खरं गळणारं तेल काही दिवसांत काळपट पडतं, त्यावर धूळ बसून चिकट थर होतो. शंभर किलोमीटर धूळ खात आलेल्या गाडीच्या शॉकअपवर असं तेल? हे सगळं माझ्या डोळ्यांपुढे होतं, माझ्या हातातल्या मोबाइलमध्ये होतं, आणि मी तोच फोटो नवऱ्याला पाठवून खाली लिहिलं, "बघ केवढं गळतंय". त्यानेही बघितला आणि "बापरे, दाखवून घे" म्हणाला, आणि आता मला सांगतो की तू हुशार समजतेस स्वतःला.

आणि गाडी मागून बसलीये हे! गाडीची उंची शॉकअपवर नसते, स्प्रिंगवर असते. शॉकअप फक्त उसळी जिरवतो, गाडी हेलकावत राहू नये म्हणून. शॉकअप साफ गेला तरी गाडी उभ्याउभ्या खाली बसत नाही. ती बसली होती मामींच्या तांदळाने. कोणी तुम्हाला "शॉकअप गेलाय म्हणून गाडी बसलीये" म्हणालं तर तिथेच ओळखा आणि निघा.

"ओळखीचं गॅरेज आहे, पूल ओलांडला की लगेच." पत्र्याची शेड, बाहेर सगळ्या कंपन्यांचे लोगो छापलेला फ्लेक्स. आईला खुर्ची दिली, चहा दिला. मला आत येऊ दिलं नाही, "ताई, गाडी जॅकवर आहे, रिस्क नको". पाऊण तासात काम संपलं. बिल म्हणजे कॅश मेमोचं पान, त्यावर ना पत्ता ना जीएसटी नंबर, फक्त एक मोबाइल नंबर, जो दुसऱ्या दिवसापासून बंद. आकडे असे: मागचे शॉकअप दोन नग ₹८,४००, लोअर आर्म बुश किट ₹२,६००, बॉल जॉइंट दोन नग ₹३,८००, मागचं अलाइनमेंट ₹६००, मजुरी ₹१,५००. झाले ₹१६,९००. जुन्या शॉकअपचे भंगारात ₹६०० वजा, आणि "ताई म्हणून" ₹५०० डिस्काउंट. ₹१५,८०० हातावर. ₹१०,००० यूपीआयने, ते गेले भलत्याच कुठल्या तरी मोबाइल रिचार्जवाल्याच्या नावावर, आणि "नेटवर्क येत नाही, बाकीचे कॅश द्या" म्हणून ₹५,८०० रोख, जे मामांनी आईच्या हातात औषधाला म्हणून दिले होते. त्या गॅरेजवाल्यांच्या पोटात किडे पडोत, दुसरं काही म्हणवत नाही.

आता हे बिल नीट वाचा. स्विफ्टला मागे लोअर आर्म, म्हणजे चाकाला धरणारा खालचा दांडा, नाही. त्याच्या टोकाचा सांधा, म्हणजे बॉल जॉइंट, तोही नाही. मुळात हे पार्टच त्या गाडीच्या मागे नसतात! आमच्या मेकॅनिकने बिल वाचलं आणि आधी हसायलाच लागला, मग माझं तोंड बघून गप्प बसला. मागे एक आडवा बीम असतो, दोन्ही चाकं त्यालाच, बीमच्या पुढच्या टोकांना एकेक मोठं रबरी बुश, वर दोन स्प्रिंगा आणि दोन शॉकअप, संपलं. लोअर आर्म, बॉल जॉइंट हे पुढच्या चाकांचं प्रकरण. आणि मागचं अलाइनमेंट, म्हणजे चाकं सरळ जुळवणं? त्या बीमला अॅडजस्ट करायला काही नसतंच, तो वाकला तर बदलायचा. म्हणजे न बसवलेल्या आणि बसूच न शकणाऱ्या वस्तूंचे ₹७,०००, मी मोजून दिले. i१०, i२०, टियागो, बलेनो, असल्या बहुतेक छोट्या गाड्यांना मागे हीच सिस्टीम आहे. आपल्या गाडीला मागे काय आहे हे एकदा, फक्त एकदा, पिटमध्ये उतरून मेकॅनिककडून बघून घ्या. मी गाडी बारा वर्षं चालवतेय, कधी बघितलं नव्हतं, आणि खरं सांगा, तुमच्यापैकी किती जणांनी बघितलंय?

पुढची गंमत वेगळीच. त्यांनी बसवलेले शॉकअप नवे नव्हतेच, जुन्यांना काळा स्प्रे मारलेला. महिना व्हायच्या आत त्यातला एक खरोखरचा गळायला लागला, गाडी वेगात असली की मागून होडीसारखी डोलायची. आणि माझे जे होते, कंपनीचे, चांगले, ते त्यांनी ₹६०० ला ठेवून घेतले, म्हणजे आता ते रंगवून दुसऱ्या कोणाच्या गाडीला ₹८,४०० ला लागले असणार. जुना पार्ट कधीही सोडून येऊ नका. भंगार तर भंगार, डिकीत टाका. तो द्यायला कां कू करतोय म्हणजे पार्ट चांगला आहे.

आमच्या मेकॅनिकने नवे कंपनीचे शॉकअप ₹१,६५० प्रमाणे दोन, ₹३,३००, वरची रबरं ₹३६०, मजुरी ₹७००. ती महिनाभराची खडखड? वरचं रबर झिजलेलं होतं. ₹३६० चं काम.

आता पोलिसांकडे येते, कारण खरा संताप तिथे आहे. नीरा नदी ओलांडली की जिल्हा बदलतो, अलीकडे सातारा, पलीकडे पुणे. मला थांबवलं नदीच्या अलीकडे, गॅरेज आणि पैसे नदीच्या पलीकडे. झालं! पहिल्या ठाण्यात म्हणाले पैसे जिथे दिले तिथे जा. दुसऱ्या ठाण्यात म्हणाले तेल जिथे लावलं तिथे जा. मी म्हटलं साहेब, मग नदीत उभी राहून तक्रार देऊ का, तर ठाणे अंमलदार म्हणे, "मॅडम, चिडू नका, साहेब बंदोबस्ताला गेलेत." मग प्रश्न सुरू. पैसे तुम्ही स्वतःच दिलेत ना? धमकी दिली का? काम केलंय ना त्याने, शॉकअप बदललेत ना? मग हा तर बिलाचा वाद झाला, कोर्टात जा. मी फोटो दाखवला, हे बघा सील कोरडं आहे. त्याने फोन लांब धरून बघितला आणि म्हणाला, "तेल तर दिसतंय की." वर ऐकवतो काय, तर अशा गाडीवाल्यांच्या तक्रारी सारख्या येतात. अरे, सारख्या येतात तर तुम्ही करता काय? शेड हायवेला लागून आहे, तुमची जीप रोज पुढून जाते!

शेवटी एक अर्ज घेतला. एफआयआर नाही, अर्ज. लोकहो, हा फरक माहीत करून घ्या, अर्जावर शिक्का मारला की माणूस खूश होऊन घरी जातो आणि तो कागद फाइलमध्ये मरतो. फसवून पैसे उकळणं म्हणजे जुनं चारशेवीस, आता भारतीय न्याय संहितेचं कलम ३१८(४), दखलपात्र गुन्हा आहे, आणि दखलपात्र गुन्ह्याची तक्रार हद्द कोणाचीही असो, कुठल्याही ठाण्यात नोंदवून घ्यावी लागते. झिरो एफआयआर. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये तसं लिहिलंय. मला हे माझ्या वकील भाच्याने नंतर सांगितलं, तिथे उभं असताना कोणाला आठवतं हो? आणि मी सांगितलं असतं तरी अंमलदारांनी "बघतो" म्हटलं असतं.

बँकेत गेले. "पिन तुम्हीच टाकलाय, हे फ्रॉडमध्ये बसत नाही." एका तक्रार लाइनवर फोन, एक दाबा, तीन दाबा, मग ती मुलगी विचारते, ऑनलाइन फसवणूक आहे का? नाही म्हटलं, पैसे ऑनलाइन, फसवणूक समोरासमोर. तर ते आमच्याकडे येत नाही. ग्राहक आयोगात ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी लागत नाही, वकीलही लागत नाही, हे छान आहे, पण समोरच्याचं नाव-पत्ता तर पाहिजे ना! नाव शोधायचं कोणी? पोलिसांनी. पोलीस काय म्हणतात? कोर्टात जा.

आणि ज्यांना वाटतं की बाईमाणूस बघून फसवलं, त्यांनी हे ऐका. माझ्या मेकॅनिककडे नंतर एक रिटायर्ड गृहस्थ आले, याच पट्ट्यातलं बिल घेऊन, त्यांच्याकडून ₹२२,५०० घेतले होते, तेही मागच्या बॉल जॉइंटसकट. ते म्हणे आयुष्यभर वर्कशॉपमध्ये होते.

हायवेवर कोणी चाकाकडे बोट दाखवलं की थांबायचं नाही, पुढच्या टोलनाक्यावर किंवा गर्दीच्या पेट्रोल पंपावर जाऊन बघायचं. चाक खरंच निखळत असेल तर बहुतेक वेळा गाडी थरथरते किंवा आवाज येतो, तसं काही जाणवलं तर मात्र हळू व्हा. नॅशनल हायवेवर १०३३, पोलीस ११२. शॉकअपवर तेल दिसलं तर टिश्यूने पुसा आणि थोडं चालवून परत बघा, पुन्हा आलं तर गळती, आणि शॉकअपवर नुसता ओलसरपणा असेल तर त्यात घाबरण्यासारखं काही नसतं. डिकीवर जोरात दाबून सोडा, गाडी वर येऊन जागेवर थांबली तर शॉकअप ठीक, दोन-तीनदा हेलकावली तर कमजोर, पण कमजोर शॉकअपवर सावकाश घरी येता येतं. आणि मागे म्हातारं माणूस बसलं असेल तर त्यांना आधीच सांगून ठेवा की असं कोणी काही म्हणालं तर तुम्ही बोलायचं नाही.

अर्जाची पोच माझ्याकडे आहे, साहेब अजून बंदोबस्तालाच आहेत बहुतेक. खंबाटकी ते खेड शिवापूर पट्ट्यात ज्यांच्याकडून मागच्या "लोअर आर्म"चे किंवा "बॉल जॉइंट"चे पैसे घेतले असतील त्यांनी तो कॅश मेमो फेकू नका, यूपीआयला कोणाचं नाव आलं होतं त्याचा स्क्रीनशॉट काढून ठेवा. मला तो रिचार्जवाला दुसऱ्या कोणाच्या पेमेंटमध्ये सापडतोय का ते बघायचंय.