सेकंडहँड कोडबुक आणि माझं उजवं पाऊल : आयसीडी-टेन-सीएमच्या छापील पुस्तकाचा रिव्ह्यू

आधी तक्रार करून घेते. हे पुस्तक म्हणजे आजार-दुखापतींच्या अमेरिकन कोडची यादी, ते भयंकर जड आहे, आणि कागद इतका पातळ की हायलायटर लावला की पाठच्या पानावर पिवळा डाग. बसमध्ये मांडीवर घेऊन वाचू म्हटलं तर विसरा. मी सेकंडहँड घेतलं, एका सिनियर ताईंकडून, त्यांची परीक्षा झाली होती आणि त्यांना घरातली जागा मोकळी करायची होती. आधीच्या मालकिणीच्या पेन्सिलीच्या खुणा फुकट मिळाल्या, त्यातल्या निम्म्या चुकीच्या आहेत ते नंतर कळलं.

मी मूळची फिजिओ. क्लिनिकमधला पगार बघून मेडिकल कोडिंगकडे (पेशंटच्या नोंदी वाचून आजाराला कोड देणं) वळले, आमच्या बॅचमध्ये फिजिओ, बीएएमएस, बीएचएमएस, बी फार्म सगळे होते. काम अमेरिकेतल्या पेशंटच्या चार्टचं, तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-टेन-सीएम चालू झालं आणि आता ७० हजाराच्या वर कोड आहेत. आता एवढे कोड असताना पुस्तक कशाला, सर्चमध्ये टाईप करा की, असं सगळेच म्हणतात. मी पण म्हणायचे.

मग पावलाच्या स्प्रेनचा एक चार्ट आला. पेशंटला आठ-नऊ महिन्यांपूर्वी पाऊल मुरगळलेलं, ती दुखापत भरून निघालेली, पण उभं राहिलं की उजवं पाऊल अजून दुखतं. मी सर्चमध्ये टाईप केलं, पावलाचा स्प्रेन, सिक्वेला (म्हणजे जुन्या दुखापतीचा मागे उरलेला त्रास), पहिलाच आला एस९३.६०९एस, टाकला आणि पुढच्या चार्टवर गेले कारण टार्गेट. ऑडिटमध्ये एका चार्टवर दोन एरर! एक तर शेवटचा ९ म्हणजे कुठलं पाऊल ते सांगितलेलं नाही, आणि चार्टमध्ये स्पष्ट उजवं लिहिलेलं. दुसरी एरर जास्त लाजिरवाणी, सिक्वेलाचा कोड एकटाच टाकला होता.

इथे पुस्तकाने मला शिकवलं. पुढच्या भागात गाईडलाईन्स छापल्यात, त्यात सिक्वेलाचा परिच्छेद छोटासाच आहे पण दोनदा वाचावा लागतो. आज जो त्रास आहे त्याचा कोड आधी, ज्या दुखापतीमुळे तो झाला तिचा कोड नंतर, आणि एस हे अक्षर फक्त त्या दुखापतीच्या कोडला. किती महिन्यांनी सिक्वेला म्हणायचं याला मुदत नाही. म्हणजे माझ्या चार्टला आधी एम७९.६७१, उजव्या पावलाचं दुखणं, आणि मग एस९३.६०१एस. सर्च बॉक्सला विचाराल तेवढंच तो सांगतो, आधी काय लिहायचं ते त्याला कोणी विचारलंच नव्हतं ना.

फिजिओवाल्यांनी एक गोष्ट खास लक्षात ठेवा, कारण आपली चूक इथेच होते. दुखापत भरत असताना पेशंट व्यायामाला येतोय तर अक्षर डी. भरून झाल्यावर जे मागे उरलं त्याला एस. आपल्या डोक्यात "पेशंट परत आला" एवढंच असतं त्यामुळे दोन्हीचा गोंधळ होतो.

नंतर मी प्रॅक्टिस म्हणून स्वतःच्या पायाला कोड दिला. (हसू नका.) पावसाळ्यात सिंहगड रोडला पाणी साचलेल्या खड्ड्यात पाय गेला, पडले नाही, नुसती वाकडी झाले, पण पावलाचा मधला भाग टम्म सुजला. डॉक्टर म्हणाले टार्सोमेटाटार्सल लिगामेंट. अजून चप्पल घालून ओट्याशी तासभर उभी राहिले की दुखतं. इंडेक्समध्ये (शब्दांप्रमाणे लावलेली यादी) स्प्रेन, खाली फूट, त्याच्या खाली लिगामेंटप्रमाणे फाटे: टार्सल एस९३.६१, टार्सोमेटाटार्सल एस९३.६२, बाकीचे ६९ मध्ये. पुढे रेघ असते, म्हणजे कोड अर्धाच आहे, टॅब्युलरमध्ये (कोडच्या क्रमाने लावलेली यादी) जाऊन पूर्ण करा. झाला एस९३.६२१एस, आणि त्याच्या आधी एम७९.६७१. घोट्याचा स्प्रेन वेगळा, तो एस९३.४, बोटांचा एस९३.५, हे सगळं समोरासमोर दिसतं म्हणून माझं पाऊल आणि घोटा यात आता गल्लत होत नाही.

आणि खड्डा! न पडता भोकात पाय जाऊन अडखळणे, याला खरंच कोड आहे, डब्ल्यू१८.४२एक्सएस. मधला एक्स जागा भरायला, कारण एस हे सातवं अक्षर सातव्याच जागी यायला हवं. जागेचा कोड मात्र पहिल्या भेटीतच एकदा लावायचा असतो, त्यामुळे आता आठ महिन्यांनी सिंहगड रोड सुटला.

पुस्तकावरचा राग एकच, ए-डी-एस ची (ए म्हणजे मुख्य उपचार चालू असताना) चौकट एस९३ च्या सुरुवातीला एकदाच छापलीय, ६२ पर्यंत येईस्तोवर पान उलटलेलं असतं आणि नवीन माणूस सहा अक्षरांवर थांबून मोकळा होतो. मी तिथे लाल चिकटपट्टी लावलीय.

नवीन घ्यावं का? परीक्षेला बसणार असाल तर चालू वर्षाचंच घ्या, कोड दर ऑक्टोबरला बदलतात. नुसतं शिकायला जुनं चालेल, पण रोजच्या कामात जुन्या पुस्तकावरचा कोड थेट विम्याच्या क्लेमवर टाकू नका, चालू यादीत एकदा बघून घ्या. मी पाचपैकी चार देते, एक कापला तो वजनाचा. आणि सेकंडहँड घेताना आधीच्या मालकाच्या पेन्सिलीच्या खुणा आधी खोडून टाका, मी एम७९.६७२ समोरच्या "उजवा" या खुणेवर विश्वास ठेवून आणखी एक एरर खाल्ली, तो डावा आहे.