खडे बाजारातलं जुन्या पुस्तकांचं दुकान, एकदा जाऊन बघाच

बेळगावात खडे बाजारातल्या एका जुन्या पुस्तकांच्या दुकानातनं इतिहासाच्या नकाशांचं पुस्तक आणलो, पानं पिवळी झाल्यात पण छपाई एकदम क्लिअर. दक्षिण अमेरिकेतल्या स्पेनच्या वसाहती फुटून कितीतरी देश झाले, स्पेनविरुद्ध लढलेल्या बोलिव्हारचा ग्रान कोलंबिया हा मोठा देश पण १८३० च्या आसपास मोडला, आणि पोर्तुगालचा एवढा मोठा ब्राझील मात्र १८२२ ला राजपुत्र पेद्रोच्याच हाताखाली स्वतंत्र होऊन अखंड राहिला, हे रंगीत नकाशात बघितल्यावर डोक्यात फिट्ट बसतं बघा. तिथलाच डचांचा सुरिनाम तर थेट १९७५ ला सुटला! १९६१ ला गोव्यासाठी फौजा आपल्या बेळगावातनंच गेलत्या, म्हणून पोर्तुगीजांचं प्रकरण मला लई जवळचं वाटतं. डचांच्याच ताब्यात असलेल्या इंडोनेशियाला एकच पान, ते कमी पडलं. दुकानदार काका घाई करत नाहीत, निवांत चाळू देतात.