ओएलएक्स : वाढ मोठी, खात्रीची बाजू अजून लंगडी

जुने कपाट किंवा मुलाला आता लहान पडणारी सायकल विकायची, तर पूर्वी वर्तमानपत्रातील छोट्या जाहिरातीसाठी शब्दागणिक पैसे मोजावे लागत. तेवढा खर्च परवडेल इतकी त्या वस्तूची किंमतच नसल्याने ती माळ्यावर पडून राही किंवा भंगारात जाई. वापरलेल्या वस्तूंच्या खरेदी-विक्रीच्या ऑनलाइन जाहिराती देणाऱ्या ओएलएक्सच्या भारतातील वाढीचे मूळ मला येथेच दिसते. मोबाइलवर फोटो काढून फुकट जाहिरात देण्याची सोय झाली आणि अशा वस्तूंनाही गिऱ्हाईक मिळू लागले.

फाब्रिस ग्रिंडा आणि अलेक ऑक्सनफोर्ड यांनी २००६ मध्ये स्थापन केलेल्या या कंपनीत दक्षिण आफ्रिकेच्या नॅस्पर्स समूहाने २०१० साली मोठा हिस्सा घेतला. पुढे दूरचित्रवाणीवरील ‘बेच दे’च्या जाहिरातींनी वापरलेली वस्तू विकण्यातला मध्यमवर्गीय संकोच बराच कमी केला, आणि माझ्या मते कंपनीची सर्वांत मोठी कमाई हीच आहे. २०२३ मध्ये नवी मुंबईच्या कारट्रेड टेकने ओएलएक्सचा भारतातील व्यवसाय सुमारे ५३७ कोटी रुपयांना घेतला. गाड्या स्वतः खरेदी करून पुढे विकण्याचे काम नव्या मालकांनी बंद केले आणि जाहिरातींचा मूळ धंदा ठेवला. हा निर्णय मला योग्य वाटतो, कारण या सेवेची ताकद आपल्याच शहरातील दोन अनोळखी माणसांची गाठ घालून देण्यात आहे.

पुण्यात शैक्षणिक वर्ष संपताना विद्यार्थी खोल्या सोडतात, तेव्हा टेबल, गाद्या, कूलर अतिशय रास्त भावात मिळतात. अशा घरगुती सामानासाठी मी ही सेवा निःशंकपणे सुचवीन. अ‍ॅपमधूनच बोलता येत असल्याने आपला फोन नंबर सर्वांना द्यावा लागत नाही, हीही चांगली सोय आहे. गाड्या आणि घरे यांच्या मोफत जाहिरातींवर मात्र मर्यादा आहे.

उणीव आहे ती खात्रीची. लष्करी जवान असल्याची बतावणी करून, ‘पैसे पाठवतो, क्यूआर कोड स्कॅन करा’ असे सांगत विक्रेत्याचेच खाते रिकामे करण्याचे प्रकार वर्षानुवर्षे घडत आहेत. यूपीआयवर पैसे स्वीकारण्यासाठी कोड स्कॅन करावा लागत नाही आणि पिनही टाकावा लागत नाही, ही सूचना प्रत्येक संभाषणाच्या वरच ठळक मराठीत दिसली पाहिजे, असे मला मनापासून वाटते. दुचाकी घेताना आरसीवरील नाव आणि बँकेचे कर्ज फिटले की नाही हे आधी पडताळावे, गाडीची मालकी बदलण्यासाठीचे आरटीओचे फॉर्म २९ व ३० विक्रेत्यासमोरच भरून त्याच्या सह्या घ्याव्यात, आणि गाडी प्रत्यक्ष पाहण्यापूर्वी ‘टोकन’ म्हणून एक रुपयाही पाठवू नये.