भरती रद्द झाली: सगळ्यांची मिळून याचिका की आपली वेगळी?

भरती रद्द झाल्याचं पत्र आलं की संध्याकाळपर्यंत व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप तयार होतो. दोन दिवसांत वर्गणीचा आकडा ठरतो आणि मग प्रश्न येतो: सामूहिक याचिकेत नाव द्यायचं की स्वतःची स्वतंत्र दाखल करायची? मी दोन्ही करून बसलो आहे. आधी बासष्ट जणांच्या याचिकेत होतो, नंतर बाहेर पडलो.

जिल्हा परिषद किंवा महापालिकेच्या शाळेतल्या जागेसाठी मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) नाही, थेट राज्यघटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालय, हे एव्हाना तुम्हाला कळलं असेल. निवड यादीत नाव आलं म्हणजे नेमणुकीचा हक्क मिळाला असं नाही, हेही वकिलाने पहिल्याच भेटीत सांगितलं असेल. शंकरसन दाश प्रकरणात 1991 साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ते स्पष्ट केलं. त्याच निकालात सरकारला मनमानी करता येणार नाही असंही आहे आणि आपली सगळी भिस्त त्या अर्ध्या भागावर. म्हणजे भांडण उरतं ते रद्द करण्याच्या कारणाशी.

माझ्या मते सामूहिक की स्वतंत्र, हेही त्या कारणावरच ठरवावं. बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाला, याचा तक्ता) चुकली, जाहिरातीत आरक्षणाचा घोळ झाला, अशी कारणं सगळ्यांना सारखी लागू पडतात. तिथे सामूहिक याचिका उत्तम. खर्च वाटला जातो, चांगला सीनिअर वकील परवडतो, तारखेला सगळ्यांनी धावायची गरज नसते. शिवाय एकट्याने कोर्टाची पायरी चढताना जी धाकधूक असते ती राहत नाही. हे छोटं नाही.

पण कारण गैरप्रकाराचं असेल तर चित्र बदलतं. सीबीआयच्या कॉन्स्टेबल भरतीत 31 जणांची निवड चुकीची ठरली, म्हणून सगळी यादी रद्द झाली होती. 2003 साली सर्वोच्च न्यायालय म्हणालं, डागी वेगळे काढता येत असतील तर बाकीच्यांना शिक्षा कशाला? उलट पश्चिम बंगालच्या शाळा भरतीत एप्रिल 2025 मध्ये पंचवीस हजारांवर नेमणुका गेल्या, कारण मूळ उत्तरपत्रिकाच नष्ट झाल्या होत्या आणि खरं-खोटं निवडायला भरवशाचं काही उरलं नव्हतं. त्यात स्वच्छ लोकही गेले. म्हणून अशा प्रकरणात ‘मी वेगळा काढता येतो’ हे कागदावर दाखवणं हेच तुमचं हत्यार.

आणि तिथेच बासष्ट जणांची याचिका मला नडली. मसुद्यात एक वाक्य होतं: ‘सर्व याचिकाकर्ते निर्विवादपणे पात्र आहेत.’ सही करताना कोणी कोणाची फाइल पाहिली नव्हती. उत्तराच्या प्रतिज्ञापत्रात समोरच्यांनी नेमकं तेच उचललं. तिघांच्या प्रमाणपत्रांवर प्रश्न, दोघे तर प्रतीक्षा यादीतले. पुढच्या दोन तारखा त्या पाच जणांवर गेल्या. माझे गुण, माझी कागदपत्र पडताळणी, माझी पोच, सगळं जोडपत्रांच्या ढिगात कुठेतरी एकेचाळिसाव्या नंबरला. त्याआधी ऑफिस ऑब्जेक्शन, म्हणजे कोर्टाच्या कार्यालयाने याचिकेत काढलेल्या त्रुटी, निघायला महिना लागला होता, कारण एकाची सही राहिली होती आणि तो फोन उचलत नव्हता! खरं सांगायचं तर कायद्यापेक्षा त्या न उचललेल्या फोनने माझा निर्णय केला.

कोर्टाची मुभा घेऊन माझ्यापुरती याचिका मागे घेतली आणि स्वतंत्र दाखल केली. खर्च साहजिकच जास्त झाला, तो अजून फिटतोय. पण मागणी साधी करता आली: नवी भरती थांबवा असं नाही, माझ्या प्रवर्गातली एक जागा अंतिम निकालापर्यंत रिकामी ठेवा. एवढ्या छोट्या मागणीकडे न्यायमूर्ती जरा मोकळेपणाने पाहतात असं मला वाटलं. अनुभव एकाच खंडपीठाचा आहे, नियम म्हणून घेऊ नका. गंमत अशी की माझी याचिका शेवटी जुन्या याचिकेबरोबरच टॅग झाली. सुनावणी एकत्रच होते, फक्त माझी फाइल माझी आहे.

पैशाची अगदीच ओढाताण असेल तर मधला मार्ग म्हणजे एकाच प्रवर्गाचे, एकाच टप्प्यावर अडकलेले चार-पाच जण. एकमेकांची कागदपत्रं आधी घरी बसून तपासा, मैत्री गेली तरी चालेल. ‘दुसरे जिंकले की आपल्यालाही मिळेल’ म्हणून थांबणाऱ्यांना मात्र कोर्टाच्या भाषेत कुंपणावर बसलेले म्हणतात आणि निकालाचा लाभ मागायला गेल्यावर उशीर का केला हे विचारलं जातं.

नवी जाहिरात आली तर अर्ज भराच. सोबत ‘याचिकेतील हक्क राखून’ असं पत्र द्या आणि पोच घ्या. माझी त्या पत्राची पोच याचिकेच्या फाइलमध्ये सगळ्यात वर आहे.