दिग्दर्शिका गुरिंदर चड्ढांचे दोन सिनेमे: आधी कोणता पाहावा?

आधी 'भाजी ऑन द बीच' (१९९३) पाहा, मग 'बेंड इट लाइक बेकहम' (२००२). बहुतेक जण उलट करतात आणि मग 'भाजी' फिका वाटतो.

'भाजी'त बर्मिंगहॅमच्या बायका एका दिवसासाठी ब्लॅकपूलला निघतात. पटकथा मीरा स्याल यांची. मारकुट्या नवऱ्याचं घर सोडलेली गिंदर, कृष्णवर्णीय मित्रापासून दिवस गेलेली हशिदा, दुकान सांभाळता सांभाळता स्वतःची स्वप्नं बाजूला पडलेली आशा: सगळ्या एकाच गाडीत. पात्रं जास्त झाल्याने मध्ये थोडा गोंधळ उडतो, पण मावशीबाईंची कुजबुज इतकी नेमकी आहे की चालून जातं.

'बेंड इट'मध्ये लंडनचं उपनगर हाउन्सलो, आणि घरच्यांचा विरोध असूनही फुटबॉल खेळणारी जेस. घरावरून सतत विमानं, कारण हीथ्रो विमानतळ शेजारीच. जेसच्या पायावरचा भाजल्याचा व्रण खरा, तिची भूमिका करणाऱ्या परमिंदर नागराचाच. तो पटकथेत घेतला. सर्वांत भारी जागा शेवटच्या फ्री किकची: समोरच्या बचावफळीच्या जागी जेसला आई, बहीण आणि नातेवाईक बायका उभ्या दिसतात. एका शॉटमध्ये सगळं भांडण आलं. अनुपम खेर यांनी साकारलेले जेसचे वडीलही नुसते अडवणारे नाहीत; पगडीची चेष्टा झाल्याने त्यांचं क्रिकेट सुटलेलं असतं.

प्रशिक्षकाशी जुळणारं प्रेम मात्र उगाच चिकटवल्यासारखं. जेसची संघातली मैत्रीण ज्यूल्स, तिच्या आईचा (या दोघी प्रेमात आहेत असा) गैरसमजही जरा जास्तच ताणलाय.

'बेंड इट'ची डीव्हीडी मिळाली तर त्यावरची जादा चित्रफीत चुकवू नका: दिग्दर्शिका स्वतः आलू-गोबी करते, आणि आई व मावशी शेजारी उभ्या राहून चुका काढतात.